मैनेला कोणी विचारले का?



आमच्या पालीच्या तिठ्यावर मुंबई-गोवा हमरस्त्याला कोल्हापूरचा रस्ता फुटतो. नाणीज, साखरपा करीत तो आंबा घाट चढतो. मी लहान असताना कोल्हापूरची लाल गाडी तिठ्यावर थांबली की आजी म्हणायची, "ही बघ तुज्या आत्याची गाडी." खरे तर ती गाडी कोल्हापुरातच थांबायची. आत्या त्याच्याही कितीतरी पुढे, बेळगाव ओलांडून खानापूर तालुक्यात. पण आजीच्या लेखी घाटापलीकडे जाणारी प्रत्येक गाडी लेकीकडेच जायची.

आत्याचे यजमान मुंबईला गिरणीत होते. लग्नही मुंबईतच, बौद्ध पद्धतीने झाले. १९८२ चा संप झाला, गिरणीचे काम सुटले आणि दोघे मुलांना घेऊन त्यांच्या गावी राहायला गेली. तेव्हा आमच्या वाडीतल्या बायका हळहळल्या, "पोरगी कर्नाटकात पडली." दिली होती मुंबईत, पडली कर्नाटकात. मधली रेघ कोणी, कधी ओढली हे आमच्या आजीला मरेपर्यंत समजले नाही.

गेल्या हिवाळ्यात आत्याच्या यजमानांचे वर्षाचे पुण्यानुमोदन होते. ऑफिसात चार दिवसांची रजा टाकून गेलो. सकाळी वंदना झाली. (आमच्या गावाचे नाव पाली आणि वंदनेची भाषाही पाली. त्यामुळे तिथली पोरे मला हसून म्हणाली, "काका, तुम्ही तर पालीचेच!") शेजारच्या गल्लीतली कन्नड बोलणारी बौद्ध मंडळीही आली होती. मांडवात मराठी-कन्नड असे दोन गट होतील अशी मला उगाच धास्ती होती. त्रिशरण-पंचशील सगळ्यांनी एकाच तालात म्हटले.

रात्री वस्तीतल्या पोरांनी भीमगीते गायली. मग एकाने अण्णा भाऊ साठे यांची 'माझी मैना गावावर राहिली' उचलली. ही छक्कड आपण शेकडो वेळा ऐकली आहे. पोटासाठी मुंबईला आलेला कामगार गावी राहिलेल्या बायकोची आठवण काढतो. तिचे रूप, तिचा साज, निघतानाची तिची अवस्था, सगळे रंगवून सांगतो. ऐकणाऱ्याला वाटते, ही विरहाची लावणी. आणि शेवटी शाहीर एकदम उलगडा करतो की ही मैना म्हणजे तुटलेला मुलूख आहे, बेळगाव-कारवारचा, डांग-उंबरगावचा. तिची नि आमची भेट व्हायची राहिली आहे.

मुंबईच्या सभागृहात हे गाणे ऐकताना टाळ्या पडतात, ऊर भरून येतो. त्या रात्री मात्र मी ते मैनेच्याच अंगणात ऐकत होतो. गाणे संपल्यावर आत्या माझ्या कानाशी वाकून म्हणाली, "गाणा बरा हाय. पन त्या मैनेला कोनी विचारलान् काय, बाये, तुला काय होवा?"

तिचा तो प्रश्न डोक्यातून जाईना, म्हणून हा लेख.

मी वाणिज्य शाखेचा माणूस. शिल्पकला, चित्रकला यांतले मला काही कळते असे नाही. पण तुटलेले जोडले जावे ही आशा माणसे दगडात, गाण्यात, पाटीवर मांडतात तेव्हा त्या मांडणीत कोण मोठा आहे, कोण लहान आहे आणि कोण नुसता उभा आहे, एवढे तर कारकुनालाही दिसते.

मुंबईच्या हुतात्मा चौकाचे पाहा. फ्लोरा फाउंटनचे कारंजे १८६४ सालचे, इंग्रजांच्या ऐटीचे. त्याच परिसरात २१ नोव्हेंबर १९५५ ला मोर्चावर गोळीबार झाला. आज तिथे कामगार आणि शेतकरी यांचे शिल्प आहे, दोघांची मिळून एक मशाल. हुतात्मे १०५ असे आपण वर्षानुवर्षे म्हणत आलो, पुढे हा आकडा १०६, १०७ असाही सांगितला जाऊ लागला. मला या शिल्पात एक गोष्ट आवडते. त्यात कोणी घोड्यावर बसलेला नाही. दोन कष्टकरी बरोबरीने उभे आहेत. १ मे १९६० ला मुंबईसह महाराष्ट्र झाला, त्यामुळे हे झालेल्या कामाचे स्मारक आहे. झालेल्या कामाचे स्मारक शांत असते. लोक त्याच्या सावलीत उभे राहून बसची वाट पाहतात.

ज्या अण्णा भाऊंच्या शाहिरीने ही चळवळ चाळीचाळीत नेली ते मातंग समाजात वाटेगावला जन्मले आणि मुंबईत घाटकोपरच्या चिरागनगर झोपडपट्टीत राहिले. बरोबर बार्शीचे अमर शेख आणि द. ना. गवाणकर. लाल बावटा कलापथक १९४४ चे. मुंबई मिळाली आणि अण्णा भाऊ १९६९ साली हलाखीतच गेले. सप्टेंबर २०२२ मध्ये त्यांचा पुतळा मॉस्कोला बसला. चांगलेच झाले. त्यांची मैना मात्र अजून गावावरच आहे.

बेळगावात स्मारके निराळ्या जातीची. ती न झालेल्या कामाची आहेत, म्हणून ती शांत नसतात. राज्य पुनर्रचनेत बेळगाव म्हैसूर राज्यात जाणार हे कळल्यावर जानेवारी १९५६ मध्ये लोक रस्त्यावर आले आणि गोळीबार झाला. पडलेल्यांत बेळगावचे मारुती बेन्नाळकर होते आणि निपाणीच्या कमळाबाई मोहितेही होत्या. म्हणजे गाण्यातली मैना दारात उभी राहते, पण खरी बाई गोळी खाऊन पडली होती. दर १७ जानेवारीला बेळगावच्या हुतात्मा चौकात फुले वाहतात. १ नोव्हेंबरला तिकडे राज्योत्सव असतो, त्याच दिवशी मराठी माणसे काळा दिन पाळतात. १९८६ च्या जूनमध्ये कन्नडसक्तीविरुद्धच्या आंदोलनात पुन्हा गोळ्या झाडल्या गेल्या. त्या हुतात्म्यांचे स्मारक हिंडलग्याला आहे.

आपल्या कोकणचा एक माणूस या स्मारकांशी कायमचा बांधला गेला आहे. वेंगुर्ल्याचे बॅरिस्टर नाथ पै, राजापूर मतदारसंघाचे खासदार. १७ जानेवारी १९७१ ला बेळगावात हुतात्म्यांच्या सभेत ते बोलले आणि १८ तारखेला तिथेच त्यांचे निधन झाले. वय अवघे ४८.

दुसऱ्या दिवशी आतेभावाच्या मुलाने मला मोटारसायकलवरून येळ्ळूरला नेले. या गावाच्या वेशीवर अनेक वर्षे एक साधी पाटी होती, 'महाराष्ट्र राज्य, येळ्ळूर' अशी. कोणा शिल्पकाराने घडवलेली नाही, कोणी मंत्र्याने तिचे उद्घाटन केलेले नाही. पण कर्नाटकात उभे राहून ती सांगत होती की आम्ही मनाने कुठे आहोत. माझ्या मते सीमाभागातले सर्वांत बोलके स्मारक हेच. जुलै २०१४ मध्ये न्यायालयाच्या आदेशावरून ती काढली. गावकऱ्यांनी पुन्हा उभारली, दोनच दिवसांत मोठ्या बंदोबस्तात ती पुन्हा पाडली आणि गावात लाठीमार झाला. पुढे खटले वर्षानुवर्षे चालले. मी गेलो तेव्हा पोरगा म्हणाला, "काका, इथं होती." मी तिथला फोटो काढला. घरी आल्यावर बायको म्हणाली, "यात काय आहे? रस्ताच तर आहे."

येळ्ळूरच्याच डोंगरावर राजहंसगड आहे. तिथे शिवरायांचा मोठा पुतळा उभारला. कर्नाटक सरकारचे मुख्यमंत्री बोम्मई यांनी २ मार्च २०२३ ला त्याचे अनावरण केले आणि तीनच दिवसांनी काँग्रेसच्या आमदार लक्ष्मी हेब्बाळकर यांनी त्याच पुतळ्याचा सोहळा पुन्हा केला. निवडणूक तोंडावर होती हे सांगायला नको. खाली वेशीवर मराठी अक्षरे खपत नाहीत आणि वर डोंगरावर मराठी मतांसाठी एकाच पुतळ्याचे दोनदा अनावरण होते! बेळगाव शहराबाहेर कर्नाटकाने सुवर्ण विधानसौध बांधले आहे, ऑक्टोबर २०१२ मध्ये राष्ट्रपती प्रणव मुखर्जी यांच्या हस्ते त्याचे उद्घाटन झाले. वर्षाकाठी एखादे अधिवेशन होते, बाकी काळ एवढी प्रचंड इमारत उभी असते. ते सौधही एक स्मारकच आहे. त्याचा मजकूर येळ्ळूरच्या पाटीच्या नेमका उलट, एवढेच.

परत येताना त्या पोराने मला मोबाइलवर एक चित्र दाखवले. बी.ए.ला आहे, जगाच्या बातम्या वाचतो. "काका, येळ्ळूरची पाटी आपल्याकडंच पाडतात असं नाही, हे बघा." उत्तर कोरियाच्या राजधानीबाहेर हमरस्त्यावर २००१ साली एक कमान उभारली होती. दोन दगडी बाया रस्त्याच्या दोन बाजूंनी पुढे झुकून अखंड कोरियाचा नकाशा वर धरतात. एक उत्तरेची, एक दक्षिणेची, दोघी सारख्याच उंच. तीस मीटर म्हणजे आपल्याकडच्या दहा मजली इमारतीएवढी कमान. जानेवारी २०२४ मध्ये तिथला सत्ताधीश किम जोंग उन याने भाषणात सांगितले की दक्षिण आता आपली नव्हे, ती शत्रू आहे, कमान काढा. त्याच महिन्यात उपग्रहाच्या छायाचित्रांत कमान दिसेनाशी झाली. सरकारनेच लोकांना वीस-बावीस वर्षे दाखवलेले स्वप्न सरकारनेच आठवड्यात मोडीत काढले. येळ्ळूरची पाटी लोकांनी लावली होती, म्हणून निदान एक रात्र तरी ती पुन्हा उभी राहिली. त्या कमानीसाठी तिकडे कोणी हूं की चूं करू शकले नसेल.

कोरियाचे दुःख आपल्यापेक्षा फार मोठे, त्याची बरोबरी मी करीत नाही. १९४५ साली महासत्तांनी नकाशावर रेघ मारून देश दुभंगला. १९५० ते १९५३ युद्ध झाले, लाखो माणसे मेली, आणि अजून तहसुद्धा झालेला नाही, नुसता युद्धविराम आहे. त्या युद्धानंतर परत जायला नकार देणाऱ्या कैद्यांची राखण करायला भारताची फौज गेली होती. तिचे प्रमुख मेजर जनरल थोरात आपल्या कोल्हापूरकडचे. ८८ कैदी असे निघाले की त्यांना कोणतीच बाजू नको होती. ते १९५४ च्या फेब्रुवारीत बोटीने भारतात आले. चोई इन-हून नावाच्या कोरियन लेखकाने १९६० साली अशाच एका कैद्यावर कादंबरी लिहिली, तिच्या नावाचा अर्थ 'चौक'. तिचा नायक दोन्ही बाजू नाकारून तटस्थ देशाच्या बोटीत चढतो आणि वाटेतच समुद्रात नाहीसा होतो. जोडणीच्या गाण्यांत अशा माणसाला कोणी जागा देत नाही.

दक्षिणेची राजधानी सोल इथे युद्ध संग्रहालयाच्या आवारात १९९४ चे 'दोन भाऊ' नावाचे शिल्प आहे. मधोमध तडा गेलेल्या घुमटावर दोन सैनिक एकमेकांना कवटाळून उभे आहेत. थोरला दक्षिणेच्या फौजेतला अधिकारी, धाकटा उत्तरेचा साधा शिपाई, रणांगणावर भेट झालेली. पाहणाऱ्याच्या डोळ्यांत पाणी यावे असेच ते आहे. पण नीट पाहा. दक्षिणेचा भाऊ धिप्पाड आहे, त्याच्याकडे बंदूक आहे. उत्तरेचा लहानखुरा, निःशस्त्र, मोठ्याच्या छातीशी बिलगलेला. म्हणजे घर एक झाल्यावर कर्ता कोण असेल हे शिल्पकाराने आधीच ठरवून टाकले.

त्यापेक्षा मला सीमेजवळच्या इम्जिनगाक या जागेविषयी वाचलेले जास्त भिडले. तिथे १९८५ साली एक वेदी बांधली आहे. ज्यांची गावे आणि पूर्वजांच्या कबरी उत्तरेत राहिल्या ते म्हातारे लोक सणाला तिथे येऊन उत्तरेकडे तोंड करून वाकतात. कुंपणाला रंगीत फिती बांधतात, त्यांवर लिहितात. शेजारी युद्धात गोळ्यांनी चाळण झालेले रेल्वेचे इंजिन ठेवले आहे. त्या फितींवरून कोण मोठा, कोण लहान असे काही निघत नाही. ज्याचे माणूस पलीकडे आहे तो फीत बांधतो.

आपल्याकडे निदान एस.टी. आहे. तीही दर वेळी असतेच असे नाही. डिसेंबर २०२२ मध्ये सीमेवर गाड्यांवर दगड पडले आणि फेऱ्या थांबल्या, फेब्रुवारी २०२५ मध्येही थांबल्या. अशा वेळी आत्या फोन करते, "आता येऊ नुको." मंत्री भाषणे करतात आणि बंद पडते ती गरिबाची गाडी.

आता आत्याचा प्रश्न. मैनेला कोणी विचारले का? इतिहास चाळला तर एकाच मैनेला विचारल्याचे दिसते, ती गोवा. १६ जानेवारी १९६७ ला गोवेकरांना मत विचारले. महाराष्ट्रात यायचे की वेगळे राहायचे? त्यांनी वेगळे राहायचे ठरवले. आपल्याकडच्या पुष्कळांना वाईट वाटले, पण विचारले तरी. बेळगावला कोणी विचारले नाही. १९६६ मध्ये महाजन आयोग नेमला, त्याने गावे मोजून इकडची तिकडे, तिकडची इकडे वाटणी सुचवली, बेळगाव शहर कर्नाटकाकडेच ठेवले. महाराष्ट्राने अहवाल नाकारला. २००४ साली प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि वीस वर्षे उलटली तरी तिथेच होते.

आणि मैनेच्या घरातही सगळे एका पायरीवर नसतात. हे सर्वांत आधी सांगितले ते बाबासाहेबांनी. १९४८ साली त्यांनी मराठी मुलखाचा एक प्रांत व्हावा असे निवेदन दिले होते. १९५५ साली भाषिक राज्यांवरच्या पुस्तकात त्यांनी पुढचा विचार मांडला. एका राज्याची भाषा एक असावी, पण एका भाषेचे एकच राज्य असले पाहिजे असे नाही. मुंबई धरून मराठी भाषकांची चार राज्ये करावीत, असे त्यांनी सुचवले. कारण एका मोठ्या राज्यात एकच बहुसंख्य जात गावोगाव सत्ता धरून बसेल आणि अल्पसंख्य अस्पृश्यांना वाली राहणार नाही, ही त्यांची भीती होती. ती खोटी ठरली असे छातीवर हात ठेवून कोणी म्हणावे! तरीही शेड्यूल्ड कास्ट फेडरेशन संयुक्त महाराष्ट्र समितीत उतरली. १९५७ साली कर्मवीर दादासाहेब गायकवाड नाशिकमधून लोकसभेवर निवडून आले. आपली माणसे त्या चळवळीत होती ती डोळे उघडे ठेवून होती. शिल्पातला थोरला भाऊ कोण होणार हे त्यांना ठाऊक होते.

रेघेचा जाच कुठे होतो ते आत्याच्या सुनेला विचारा. ती लांज्याची, डी.एड. झालेली. खानापूर तालुक्यातल्या मराठी शाळांत शिकवायची तिची उमेद होती. जातीचा दाखला महाराष्ट्राचा. तिकडच्या कचेरीत सांगितले, आमच्याकडे चालणार नाही. मी नियम पाहिले. १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने सांगितले आहे की अनुसूचित जाती-जमातीचा माणूस दुसऱ्या राज्यात गेला तर तिथल्या राज्याच्या सवलती त्याला आपोआप मिळत नाहीत. जात तीच, जातीचे चटके तेच, रेघ ओलांडली की सवलत मात्र मागे राहते. राज्याबाहेर लेक देताना-आणताना आपल्या घरांनी हे आधी विचारून घ्यावे. ती मुलगी आता शिलाई मशीन चालवते. 'मैना' ऐकताना तिने मान वर केली नव्हती.

निघायच्या आदल्या संध्याकाळी घरात वेगळाच खल चालू होता. यजमानांच्या स्मरणार्थ आत्या विहाराला पाण्याची टाकी देणार होती. तिच्यावर फरशी बसवायची, तर अक्षरे मराठी की कन्नड? धाकटा मुलगा म्हणाला, मराठी. थोरला म्हणाला, कन्नड नसेल तर उद्या कोणी काळे फासेल. नातू म्हणाला, दोन्ही. मग वर कोणती, खाली कोणती, मोठी कोणती? चहा दोनदा झाला. आत्या भिंतीला टेकून ऐकत होती. शेवटी म्हणाली, "दोनी लिवा, बाजूबाजूला. अक्षरां सारखी काढा. येक मोटा नि येक बारीक नुको. नि खाली माजा नाव टाका, नि माज्या गावाचा."

फरशीवाला अक्षराला अठरा रुपये घेत होता. मराठी मजकूर आणि कन्नड मजकूर यांत अक्षरे कमी-जास्त भरत होती, म्हणून हिशेब माझ्याकडे आला. मी दोन्ही बाजू मोजल्या. कन्नड बाजूला सात अक्षरे जास्त निघाली. 'पाली, जि. रत्नागिरी' ही मराठी बाजूला आणखी सातच भरली.

आत्याने कमरेची पिशवी सोडली आणि पैसे मोजायला सुरुवात केली.